शलमोनाचे मंदिर आणि श्रावणातले बिरडे

मंडळी, आपल्या दिवाळी अंकात यरुशलेमच्या एका पुरातन मंदिरावर लेख कशासाठी, असा प्रश्न काही जणांना नक्की पडेल. इतिहास म्हटला की शिवाजी महाराज, पेशवाई, पानिपत हे आपले हक्काचे विषय, आणि त्यावर लिहिणारे माझ्यापेक्षा जाणकार लोक मंडळात आहेत. पण ज्या इमारतीबद्दल मी लिहिणार आहे तिचा शोक आपल्या रायगड जिल्ह्यात कित्येक पिढ्या पाळला गेला, तोसुद्धा केळीच्या पानावर वालाचे बिरडे वाढून. तेव्हा विषय वाटतो तितका परका नाही.

आधी इमारत पाहू. साठ हात लांब, वीस हात रुंद आणि तीस हात उंच. शलमोन राजाने यरुशलेममध्ये इ. स. पू. दहाव्या शतकात बांधलेल्या मंदिराची बायबलमधल्या 'राजे' या ग्रंथात दिलेली मापे ही अशी आहेत. 'हात' हे माप आपल्याला समजावून सांगायला नको. कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंत, म्हणजे साधारण दीड फूट. हिब्रूत त्याला 'अम्मा' म्हणतात. त्यांच्याकडेही हात, वीत आणि मूठ अशीच उतरंड होती. आपली आजी साडीचे किंवा दोरीचे माप ज्या पद्धतीने घ्यायची, त्याच पद्धतीने हे मंदिर मोजले गेले.

आता हात म्हणजे ४५ सेंटीमीटर धरून हिशोब करा. लांबी २७ मीटर, रुंदी ९ मीटर, उंची साडेतेरा मीटर. एवढेच! जुरोंग ईस्टच्या आमच्या ब्लॉकच्या शेजारी हे मंदिर उभे केले तर ते पाच मजल्यांच्या वर जाणार नाही, आणि लांबीला अर्ध्या ब्लॉकलाही पुरणार नाही. सगळ्यात आतली, सगळ्यात पवित्र खोली वीस हात बाय वीस हात, म्हणजे ८१ चौरस मीटर. एचडीबीचा फोर-रूम फ्लॅट याहून थोडा मोठाच असतो. तीन हजार वर्षे जगाच्या डोक्यात घर करून बसलेली ही इमारत प्रत्यक्षात इतकी आटोपशीर होती, हे मला पहिल्यांदा गणित केले तेव्हा खरेच वाटेना.

पण ती लहान असण्याला कारण आहे. हे मंदिर गर्दीने आत जाऊन बसण्यासाठी नव्हतेच. लोक बाहेरच्या अंगणात जमायचे, होमहवनाची आणि बळीची वेदी तिथेच उघड्यावर होती. इमारत म्हणजे देवाचे घर, आणि आत जाणार ते फक्त याजक, म्हणजे पुजारी. आपल्या जुन्या देवळांची कल्पनाही मुळात हीच आहे, नाही का? सभामंडपात कितीही माणसे मावोत, गाभाऱ्यात एक पुजारी जेमतेम उभा राहतो.

नकाशाही आपल्या ओळखीचा वाटावा असाच आहे. पूर्वेला तोंड. पुढे 'उलाम' म्हणजे दहा हात खोल देवडी, मग चाळीस हातांचे लांबट मुख्य दालन, त्याचे नाव 'हेखाल', आणि पश्चिमेच्या टोकाला 'दवीर', म्हणजे गाभारा. मुखमंडप, मंडप, गर्भगृह. हेखालला उंचावर खिडक्या होत्या, आत सोन्याची दहा दीपवृक्षे, पाच डावीकडे आणि पाच उजवीकडे, धूप जाळण्याची वेदी आणि भाकरी मांडण्याचा मेज. दवीर मात्र पूर्ण अंधारा. वीस हात लांब, वीस रुंद, वीस उंच, अगदी ठोकळ्यासारखा घन. इमारत तीस हात उंच आणि गाभारा वीसच, मग उरलेले दहा हात कुठे गेले? वर माळा होता, की गाभाऱ्याची जमीनच उंच होती आणि पायऱ्या चढून जावे लागे, यावर अभ्यासकांची भांडणे अजून चालू आहेत.

या अंधाऱ्या घनात ऑलिव्हच्या लाकडाचे दोन करुब उभे होते. करुब म्हणजे पंख असलेले राखणदार, आपल्याकडच्या द्वारपालांचे आणि गरुडाचे मिश्रण म्हणा हवे तर. प्रत्येक दहा हात उंच, प्रत्येक पंख पाच हातांचा. चार पंख मिळून वीस हात, म्हणजे एकाचे टोक या भिंतीला, दुसऱ्याचे त्या भिंतीला आणि मधले दोन एकमेकांना टेकलेले. त्या पंखांखाली बाभळीच्या जातीच्या लाकडाची, सोन्याने मढवलेली एक पेटी होती, अडीच हात लांब आणि दीड हात रुंद. पेटीत काय? तर दगडाच्या दोन पाट्या, ज्यांवर मोशेला मिळालेल्या दहा आज्ञा कोरलेल्या होत्या. मूर्ती नाही. आजूबाजूच्या सगळ्या राज्यांमध्ये याच नकाशाच्या देवळात याच जागी मूर्ती असे. इथे सिंहासनाची सगळी तयारी आहे, राखणदार आहेत, पायाशी करारपत्र आहे, आणि बसणारा दिसत नाही. चिदंबरमला जाऊन आलेल्यांना तिथल्या 'रहस्या'ची आठवण येईल. पडदा सरकवतात आणि पलीकडे मोकळे आकाशतत्त्व!

बांधकामातल्या दोन गोष्टींनी माझ्यातला इंजिनिअर खूश झाला. एक म्हणजे, मंदिराला तीन बाजूंनी तीन मजली कोठारे चिकटवलेली होती. खालच्या मजल्याची खोली पाच हात रुंद, मधल्याची सहा आणि वरच्याची सात. वर जाता जाता खोली रुंद कशी होईल? कारण मंदिराची भिंत प्रत्येक मजल्याला एक हात आत घेतलेली, पायरीसारखी. कोठाराच्या तुळया त्या पायरीवर नुसत्या टेकवल्या, पवित्र भिंतीत एकही भोक पाडले नाही. मूळ सिस्टीमला हात न लावता बाहेरून मॉड्यूल जोडायचे, ही आमच्या धंद्यातली शहाणपणाची गोष्ट त्या गवंड्यांना तेव्हाच कळली होती. दुसरी गोष्ट, दगड खाणीतच घडवून आणले आणि बांधकामाच्या जागी हातोडा, छिन्नी, कोणत्याही लोखंडी हत्याराचा आवाज होऊ दिला नाही. इथे सिंगापुरात ठिकठिकाणी तयार भाग आणून जोडतात तसेच. कारण मात्र वेगळे: लोखंड हे शस्त्राचे, आणि देवाच्या घरी शस्त्राचा आवाज नको, असा अर्थ नंतरच्या ज्यू गुरूंनी लावला.

अंगणात एक प्रचंड कांस्याचे पाण्याचे पात्र होते, त्याला 'समुद्र' म्हणत. बारा बैलांच्या पाठीवर ते ठेवलेले, तीन-तीन बैल चारी दिशांना तोंड करून. काठापासून काठापर्यंत दहा हात, आणि घेर तीस हात. झाले! शाळेतला कोणताही मुलगा सांगेल की घेर ३१.४ हात हवा. यावरून इंटरनेटवर बायबलची टिंगल करणारे पुष्कळ आहेत. पण त्याच वर्णनात पुढे लिहिले आहे की पात्राची जाडी चार बोटे, म्हणजे एक मूठ, होती. सहा मुठींचा एक हात धरला तर आतला व्यास ९.६७ हात होतो, आणि आतला घेर ३०.३७. म्हणजे व्यास बाहेरून आणि घेर आतून मोजला असेल तर तीस हा आकडा फारसा चुकीचा नाही. किंवा सरळ लिहिणाऱ्याने तीसच्या पुढचे सोडून दिले असेल, आपणही 'तीसेक हात' म्हणतोच की. हेच पात्र 'राजे' ग्रंथात दोन हजार मापे पाण्याचे आहे आणि 'इतिहास' ग्रंथात तीन हजार. दाराशी उभ्या केलेल्या कांस्याच्या दोन खांबांची उंची एका ठिकाणी अठरा हात, दुसऱ्या ठिकाणी पस्तीस. दोन डॉक्युमेंटे, दोन व्हर्जन्स, आणि मध्ये काही शतके. ज्याने कधी जुन्या प्रोजेक्टची कागदपत्रे वाचली आहेत त्याला यात काही नवल वाटणार नाही.

त्या खांबांना नावे होती, याखीन आणि बोआज. डोक्यावर कमळासारखी फुले, भोवती डाळिंबांच्या माळा. ते छत उचलत होते की नुसते दीपमाळेसारखे समोर उभे होते, यावरही दोन मते आहेत. भिंतींवर आतून गंधसरूच्या फळ्या लावलेल्या, त्यांवर खजुराची झाडे, उमललेली फुले आणि करुब कोरून वर सोन्याचा पत्रा. एकही दगड दिसू नये असा दंडक. हे सगळे एकत्र पाहिले की चित्र बागेचे होते. झाडे, फुले, फळे, पाणी, पूर्वेकडचे दार आणि दारावर करुबांचा पहारा. बायबलच्या सुरुवातीला आदाम आणि हव्वेला ज्या एदेन बागेतून हाकलले, तिचे वर्णन अगदी असेच आहे. बऱ्याच अभ्यासकांच्या मते मंदिर म्हणजे ती हरवलेली बाग होती. माणसाला पूर्वेच्या दारातून बाहेर काढले होते. आता वर्षातून एकदा, एक माणूस, पूर्वेच्या दारातून परत आत जाई. प्रमुख याजक, योम किप्पुर म्हणजे प्रायश्चित्ताच्या दिवशी. बाहेर कांस्य, आत सोने, आणि जसजसे आत जावे तसतशी माणसे कमी.

शलमोनाचे कौतुक करताना मजुरांना विसरून चालणार नाही. लाकूड लेबनॉनचे, सोर या फिनिशियन नगरीच्या हीराम राजाने पुरवलेले. कांस्याचा कारागीर, त्याचेही नाव हीराम, तिकडूनच आला. शलमोनाने बदल्यात गहू आणि तेल दिले, तरी शेवटी हीरामाला गालीलातली वीस गावे तोडून द्यावी लागली, आणि ती गावे पाहून हीरामाने नाकच मुरडले. बायबलच सांगते की तीस हजार माणसे वेठीला धरली होती, दर महिन्याला दहा हजार लेबनॉनला पाठवत. सत्तर हजार ओझी वाहणारे आणि ऐंशी हजार दगड फोडणारे वेगळे. आकडे फुगवलेले असतील, पण वेठ खरी असावी. कारण शलमोन मेल्यावर उत्तरेकडच्या दहा वंशांनी त्याच्या मुलाकडे पहिली मागणी केली ती हे जू हलके करण्याची. त्याने ती धुडकावली आणि राज्य दुभंगले ते कायमचे. मंदिराला सात वर्षे लागली आणि राजाच्या स्वतःच्या वाड्याला तेरा, ही नोंद ज्याने केली त्या लेखनिकाला मी मनातल्या मनात नमस्कार करतो.

आता कोणी विचारेल, हे सगळे खरे कशावरून? शलमोनाच्या मंदिराचा एकही दगड सापडलेला नाही. ज्या टेकडीवर ते होते तिथे आज मुसलमानांचे डोम ऑफ द रॉक आणि अल-अक्सा मशीद आहे, आणि तिथे कुदळ मारणे म्हणजे दंगलीला आमंत्रण. पण आजूबाजूला पुरावे आहेत. सीरियात अलेप्पोच्या वायव्येला ऐन दारा नावाच्या ठिकाणी काळ्या बेसॉल्ट दगडाचे एक मंदिर उकरून काढले. साधारण त्याच शतकांतले, तसेच तीन भागांचे, तसेच दोन खांब आणि बाजूच्या खोल्या. गंमत म्हणजे त्याच्या उंबरठ्यांवर जवळजवळ मीटरभर लांबीची पावले कोरलेली आहेत. आपल्या पादुकाच म्हणा. पहिल्या उंबरठ्यावर दोन पावले, मग एक डावे, मग एक उजवे. देव आत गेला आहे, आणि बाहेर येणारी पावले नाहीत! लक्ष्मीची पावले रांगोळीने काढणाऱ्या आपल्या बायकांना याचा अर्थ समजवावा लागणार नाही. दुर्दैवाने जानेवारी २०१८ मध्ये तुर्कस्तानच्या हवाई हल्ल्यात या मंदिराचा मोठा भाग उद्ध्वस्त झाला.

खुद्द इस्राएली लोकांचे, म्हणजे यहूदा राज्यातले, एक छोटे मंदिर मात्र हाती लागले आहे. नेगेव वाळवंटाच्या कडेला अराद येथे १९६०च्या दशकात योहानान अहारोनी यांनी एका किल्ल्यात ते शोधले. अंगणात न घडवलेल्या दगडांची वेदी, मागे दालन, त्याच्या टोकाला कोनाडा, कोनाड्यात एक उभा दगड आणि समोर धुपाच्या दोन छोट्या वेद्या. दोन्ही वेद्या कोणीतरी आडव्या करून पुरून ठेवल्या होत्या. राजाने पूजा फक्त यरुशलेममध्येच चालेल असा हुकूम काढल्यावर गावच्या पुजाऱ्यांनी त्या फोडण्याऐवजी अलगद झाकल्या असाव्यात, असा एक तर्क आहे. २०२० मध्ये या वेद्यांवरच्या काजळीचे रासायनिक विश्लेषण प्रसिद्ध झाले. मोठीवर ऊद सापडला, चरबीत मिसळलेला. छोटीवर चक्क गांजा, शेणात मिसळलेला, सावकाश जळावा म्हणून. (सिंगापुरात बसून हा शब्द टाइप करतानाही माणूस दोनदा विचार करतो!) यरुशलेममध्ये गांजा जाळत असा पुरावा नाही, ऊद मात्र होताच. आपल्याकडच्या सालई वृक्षाचा डिंक हा त्याच कुळातला.

शलमोनाचे मंदिर इ. स. पू. ५८६च्या सुमाराला बाबिलोनच्या नबुखद्नेस्सराने जाळले. सत्तरेक वर्षांनी त्याच जागी दुसरे बांधले, आणि पुढे हेरोद राजाने इ. स. पू. २०च्या सुमारास ते भव्य करायला घेतले. आज ज्या 'वेस्टर्न वॉल'पाशी ज्यू लोक प्रार्थना करतात ती हेरोदाच्या चौथऱ्याची भिंत आहे, मंदिराची नव्हे. या दुसऱ्या मंदिराच्या गाभाऱ्यात पेटीही नव्हती. इ. स. पू. ६३ मध्ये रोमन सेनापती पाँपी कुतूहलाने आत घुसला आणि रिकामी खोली पाहून बाहेर आला.

हेरोदाच्या अंगणात आणखी एक भिंत वाढली होती, कमरेएवढी. तिच्यापुढे परकीयांना मज्जाव. तशी ग्रीक भाषेतली पाटीच १८७१ मध्ये सापडली आणि ती आता इस्तंबूलच्या संग्रहालयात आहे. मजकूर थोडक्यात असा, की कोणा परकीयाने आत पाऊल टाकले तर येणाऱ्या मरणाला तो स्वतःच जबाबदार. ही पाटी वाचल्यावर मला पंढरपूर आठवले. पायरीशी चोखोबाची समाधी आहे, आत नाही. १९४७ साली साने गुरुजींना विठोबाच्या दारात उपोषण करावे लागले तेव्हा कुठे ते दार सगळ्यांना उघडले. ज्या वास्तूच्या पावित्र्याची सगळी कल्पना 'कोण किती आत जाणार' यावर उभी असते, तिथे अशी पाटी कधी ना कधी लागतेच, असे माझे स्पष्ट मत आहे.

इ. स. ७० मध्ये रोमन सेनापती टायटसने हेही मंदिर जाळले. लुटलेला सोन्याचा दीपवृक्ष मिरवत नेल्याचे शिल्प रोममध्ये टायटसच्या कमानीवर आजही दिसते. यानंतर मंदिर नाही, बळी नाही, याजकाला काम नाही. ज्यूंनी मग काय केले, हा खरा प्रश्न. याचे उत्तर देताना सगळी पुस्तके बाबिलोन, स्पेन, पोलंड इथल्या ज्यूंकडे वळतात. आपण अलिबागकडे वळू.

बेने इस्राएल लोकांची परंपरा अशी सांगते की पूर्वज ज्या गलबतातून आले ते चौलच्या उत्तरेला नवगावजवळ फुटले, सात पुरुष आणि सात बायका तेवढ्या वाचल्या. पवित्र ग्रंथ, पोथ्या, सगळे समुद्रात गेले. ते कोकणात राहिले, तेलाचे घाणे घातले, शनिवारी घाणा बंद ठेवत म्हणून गावाने त्यांना 'शनवार तेली' नाव दिले. दिवेकर, पेणकर, रोहेकर, किहिमकर, राजपूरकर ही त्यांची आडनावे. घरात मराठी. हिब्रू जवळजवळ गेलेलीच, 'शेमा' ही एक प्रार्थना तेवढी राहिली. आणि एकही प्रार्थनामंदिर नाही. पहिले उभे राहिले ते १७९६ साली, मुंबईत. कंपनी सरकारच्या फौजेतला अधिकारी सॅम्युएल इझिकेल दिवेकर, उर्फ सामाजी हसाजी दिवेकर, टिपूच्या कैदेतून सुटून आला आणि त्याने ते बांधले. ते 'शाआर हारहामीम', लोकांच्या तोंडी 'जुनी मशीद'. तिथल्या रस्त्याला सॅम्युएल स्ट्रीट हे नाव त्याचेच, आणि मस्जिद बंदर स्टेशनचे नावही याच 'मशिदी'वरून पडले असे म्हणतात.

म्हणजे १७९६ पूर्वीची कित्येक शतके इमारत नव्हती. मग मंदिराची आठवण कुठे होती? ती स्वयंपाकघरात होती. हाईम सॅम्युएल किहिमकर यांनी १८९७ साली आपल्या समाजाचा इतिहास इंग्रजीत लिहिला (तो छापून आला १९३७ साली, तेल अवीवमध्ये). त्यात जुन्या सणांची यादी आहे आणि नावे सगळी आपली: नव्याचा सण, खिरीचा सण, होळीचा सण, दारफाळणीचा सण, शिळा सण, बिरड्याचा सण.

बिरड्याचा सण म्हणजे आव महिन्याची नवमी. दोन्ही मंदिरे याच तिथीला जळाली असे ज्यू परंपरा मानते. जगभरचे ज्यू त्या दिवशी जमिनीवर बसून विलापगीते म्हणतात. कोकणात विलापगीतांची पोथी नव्हती. मांस वर्ज्य आणि मोड आलेल्या वालाचे बिरडे, एवढे राहिले. शोक करणाऱ्याने मसूर किंवा कडधान्य खावे ही ज्यूंची जुनी रीत. दाण्याला तोंड नसते, तसा शोक करणाराही मुका असतो, अशी त्यामागची कल्पना. अष्टागरात मसुराच्या जागी वाल आले, यात नवल ते काय!

मी कॅलेंडर काढून तिथ्या ताडून पाहिल्या, सवयच आहे ती. त्यांचे महिनेही आपल्यासारखे चंद्रावरचे, आणि ऋतू सांभाळायला मधूनमधून अधिक महिना घालतात. त्यामुळे आव महिन्याची नवमी बहुतेक वर्षी श्रावण शुद्ध नवमीच्या आसपास पडते, एखाद्या वर्षी आषाढात. म्हणजे ज्या आठवड्यात आमच्या आळीत नागपंचमीचे बिरडे शिजत असेल, त्याच्या पुढेमागेच शेजारच्या इस्राएल आळीत तेच वाल शलमोनाच्या मंदिरासाठी सोलले जात असणार. ऑफिसातल्या माझ्या एका मित्राचे आजोळ अलिबागच्या इस्राएल आळीतले. त्याला हे सांगितले तर म्हणाला, "अरे, आजी सांगायची ना, ज्या दिवशी बिरडं त्या दिवशी हसायचं नाही. आम्हाला वाटायचं बिरड्यातच काहीतरी आहे!"

दारफाळणीचा सण म्हणजे योम किप्पुर. यरुशलेममध्ये या दिवशी गाभाऱ्याचे दार उघडे आणि प्रमुख याजक आत जाई. कोकणात उलटे. घराचे दार बंद करायचे, पांढरे कपडे, कडक उपास, दिवसभर कोणाशी शिवाशीव नाही, बोलणे नाही. गाभारा राहिला नाही तेव्हा प्रत्येक घरच त्या दिवसापुरते गाभारा झाले, असे मला वाटते. माझा हा अर्थ कोणाला ओढूनताणून आणलेला वाटेल, वाटू दे. या सणाची तिथीही पाहा. तिश्री महिन्याची दशमी, म्हणजे आपली आश्विन शुद्ध दशमी, दसरा! २०२४ मध्ये १२ ऑक्टोबरला आणि २०२५ मध्ये २ ऑक्टोबरला दोन्ही एकाच दिवशी आले. आपण सीमोल्लंघनाला बाहेर पडतो तेव्हा शेजारी दार लावून घेतो. दुसऱ्या दिवशी शिळा सण, दार उघडायचे, दानधर्म करायचा, गणगोताला भेटायचे.

मलिद्याबद्दलही सांगायला हवे. संदेष्टा एलियाहू हानाबी याच्या नावाने भिजवलेले गोड पोहे, वर ओले खोबरे, गूळ किंवा साखर, वेलदोडा, भोवती फळे आणि गुलाब असे ताट मांडून प्रार्थना करतात. लग्न, मुंज नाही पण सुंता, नवे घर, नवस फेडणे, सगळ्याला मलिदा. मंदिरात धान्याचे जे अर्पण होत असे, त्याच्याशी याचे नाते काही अभ्यासक लावतात, काहींना ते आपल्या प्रसादासारखे आणि पिरांच्या मलिद्यासारखे वाटते. माझ्या मते दोन्ही खरे असायला हरकत नाही.

एकोणिसाव्या शतकात मग इमारतीही झाल्या. अलिबागचे 'मागेन आबोथ' १८४८ सालचे, १९१०मध्ये नव्याने बांधलेले. ठाण्याचे 'शाआर हाशामाईम' १८७९चे. पुण्यात डेव्हिड ससून यांनी सुरू केलेले आणि १८६७मध्ये पुरे झालेले 'ओहेल डेव्हिड', तेच आपले लाल देऊळ. ओहेल म्हणजे तंबू. शलमोनाच्या आधी, वाळवंटात भटकताना, देवाची पेटी तंबूतच असे. रास्ता पेठेत बेने इस्राएलांचे स्वतःचे 'सुक्कथ शेलोमो', म्हणजे शलमोनाची पर्णकुटी, १९२१ सालचे. मंदिर म्हणायचे नाही, तंबू किंवा कुटी म्हणायचे. मंदिर एकच, तेही यरुशलेमचे.

सिंगापुरातही एक 'मागेन आबोथ' आहे हे तुमच्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? वॉटरलू स्ट्रीटवर, १८७८ सालचे. नाव अलिबागच्या वास्तूचेच, अर्थ 'पूर्वजांची ढाल'. इथला समाज बगदादी, बराचसा कलकत्ता-मुंबईच्या व्यापारातून आलेला. मनासे मेयर यांनी हे बांधण्यात पुढाकार घेतला, आणि १९०५मध्ये ऑक्सली राइजवर 'खेसेद एल' हे दुसरे बांधले. सिंगापूरचे पहिले मुख्यमंत्री डेव्हिड मार्शल याच समाजातले. जुरोंग ईस्टहून हिरव्या लाइनने बूगिसला उतरले की दहा मिनिटांची चाल. त्याच रस्त्यावर श्रीकृष्णन मंदिर आणि शेजारी क्वान यिमचे चिनी मंदिर, जिथे उदबत्त्यांचा धूर डोळ्यांत जातो. मी आधी परवानगी काढून गेलो होतो. आत पश्चिमेच्या भिंतीशी एक मोठे कपाट, त्यात हाताने लिहिलेल्या तोराच्या गुंडाळ्या. समोर पडदा, वर अखंड तेवणारा दिवा. मध्यभागी वाचनाचा चौथरा, त्याला 'तेबा' म्हणतात.

आणि त्या कपाटाला काय म्हणतात? 'हेखाल'. अलिबागलाही हाच शब्द. शलमोनाच्या मंदिरातले चाळीस हात लांबीचे दालन, दहा दीपवृक्षांचे, सोन्याने मढवलेले, ते आता भिंतीतले एक कपाट आहे. दगडाच्या पाट्यांच्या जागी चामड्यावरची गुंडाळी, दहा दीपवृक्षांच्या जागी एक दिवा. बळीची वेदी कुठेच नाही, ती परत करायचीच नाही, तिच्या जागी प्रार्थना. आणि एक योगायोग असा, की प्रार्थना यरुशलेमकडे तोंड करून करायची असते, त्यामुळे युरोपातल्या वास्तूंमध्ये हेखाल पूर्वेच्या भिंतीवर येतो. कोकणात आणि सिंगापुरात तो पश्चिमेला येतो, म्हणजे मूळ मंदिरात दवीर होता त्याच दिशेला.

१९४८ नंतर बेने इस्राएल इस्रायलला जाऊ लागले. तेव्हा भारतात ते वीसेक हजार होते, आता मुंबई, ठाणे आणि रायगड मिळून काही हजारच उरले आहेत. तिकडे पहिली वर्षे सोपी गेली नाहीत. 'तुम्ही खरे ज्यू का' अशी शंका तिथल्या काही धर्मगुरूंनी घेतली, लग्नाला परवानगीआधी वंशावळ तपासायचा फतवा निघाला, आणि त्याविरुद्ध आंदोलन करून १९६४ साली त्यांनी संसदेकडून बरोबरीचा दर्जा मान्य करून घेतला. ज्यांनी पोथीवाचून, पुजाऱ्यावाचून, नुसत्या वालाच्या बिरड्यावर मंदिराची तिथी सांभाळली त्यांना कमरेएवढी भिंत पुन्हा एकदा ओलांडावी लागली.

माझ्या त्या मित्राचे मामा दिमोनाला असतात. नेगेव वाळवंटातले गाव, अरादहून फार लांब नाही. घरी मराठी, दुकानात हिब्रू, आणि मलिद्यासाठी पोहे भारतातून येतात. अलिबागच्या आळीत पिढ्यानपिढ्या पश्चिमेकडे तोंड करून उभे राहिलेले हे लोक दिमोनात आता उत्तरेकडे तोंड करतात.